निर्माता नावाचा संपादक : तोशिओ सुझुकी यांच्या कारकिर्दीच्या निमित्ताने

'ॲनिमेज' या जपानी मासिकाच्या फेब्रुवारी १९८२ च्या अंकापासून हायाओ मियाझाकी यांची 'काझे नो तानी नो नाउशिका', म्हणजे 'वाऱ्याच्या खोऱ्यातील नाउशिका', ही चित्रकथा क्रमशः प्रसिद्ध होऊ लागली. तिचा जन्म केवळ वाङ्मयीन ऊर्मीतून झाला असे म्हणवत नाही. मियाझाकींच्या चित्रपटाचा एक प्रस्ताव त्याआधी मासिकाच्या मालक-प्रकाशनसंस्थेपुढे ठेवण्यात आला होता. ज्याला मूळ पुस्तक नाही अशा कथेवर पैसा घालता येणार नाही, या कारणास्तव तो फेटाळला गेला. मासिकाच्या संपादकवर्गातील एका तरुणाने व त्याच्या सहकाऱ्यांनी त्यावर काढलेला तोडगा सरळ होता : मूळ पुस्तक नसेल तर ते आधी निर्माण करावे. ११ मार्च १९८४ रोजी चित्रपट प्रदर्शित झाला. गंमत अशी की, जिचा उपयोग केवळ शिडीसारखा व्हायचा होता ती चित्रकथा चित्रपटानंतरही दहा वर्षे चालू राहिली, मार्च १९९४ च्या अंकात संपली, आणि सात खंडांची ती कृती आज जपानी चित्रकथेतील थोर रचनांमध्ये गणली जाते. नायिकेचे नाव होमरच्या 'ओडिसी'तून आलेले, तिचा स्वभाव किड्यांवर प्रेम करणाऱ्या राजकन्येच्या एका जुन्या जपानी कथेतून आलेला, आणि तिचे अस्तित्व मात्र एका संपादकीय युक्तीतून आलेले. साहित्याच्या अभ्यासकाने यांपैकी पहिल्या दोन गोष्टींची नोंद घ्यायची आणि तिसरी सोडून द्यायची, हा आपला परिपाठ आहे. तो परिपाठ चुकीचा आहे, असे मला वाटते.

तो तरुण म्हणजे तोशिओ सुझुकी. जन्म १९४८, नागोया. केइओ विद्यापीठाच्या साहित्यशाखेतून १९७२ साली पदवी. त्याच वर्षी तोकुमा शोतेन या प्रकाशनसंस्थेत नोकरी. पुढे ते स्टुडिओ जिब्लीचे निर्माते झाले आणि १० मार्च २०२४ रोजी सर्वोत्कृष्ट ॲनिमेशनपटाचे ऑस्कर पारितोषिक मियाझाकींच्या जोडीने त्यांच्याही नावावर जमा झाले. (दोघांपैकी कोणीही समारंभाला गेले नाही.) या दोन टोकांमधल्या वर्षांचे वर्णन जगभर 'एका यशस्वी चित्रपटनिर्मात्याची कारकीर्द' असे केले जाते. भारतीय साहित्यांच्या अभ्यासकांसाठी निघणाऱ्या नियतकालिकात या विषयाला जागा का मागावी, असा प्रश्न कोणी विचारील. माझे उत्तर असे की, सुझुकी निर्माते झाले तेव्हा त्यांनी संपादकाचे काम सोडले नाही. त्यांनी फक्त अंकाऐवजी चित्रपट हाती घेतला. आणि संपादक हा ज्याच्या-त्याच्या भाषेच्या वाङ्मयेतिहासात आभार मानून वाटेला लावला जाणारा मनुष्य असल्यामुळे, त्याचे काम एकदा पूर्ण उजेडात पाहण्याची संधी आपल्याला परक्या मुलखात मिळत असेल तर ती सोडू नये.

जपानात प्रकाशन आणि चित्रपट यांचा घरोबा जुना आहे. कथाकार व नाटककार किकुची कान यांनी १९२३ साली 'बुंगेइ शुंजू' हे नियतकालिक काढले, १९३५ साली आकुतागावा आणि नाओकी ही दोन पारितोषिके सुरू केली, आणि १९४३ साली ते दाइएइ या चित्रपटसंस्थेचे अध्यक्ष झाले. कुरोसावांचा 'राशोमोन' आणि मिझोगुचींचा 'उगेत्सु' पुढे याच संस्थेतून बाहेर पडले. ही संस्था १९७१ साली बुडाली आणि १९७४ साली तिला विकत घेणारा पुन्हा एक प्रकाशकच होता. तो म्हणजे सुझुकींचे मालक यासुयोशी तोकुमा. त्यानंतर दोनच वर्षांनी हारुकी कादोकावा या दुसऱ्या प्रकाशकाने चित्रपटनिर्मितीत उडी घेतली. कादोकावांचा हिशेब वेगळा होता. आपण छापलेल्या कादंबऱ्यांवर चित्रपट काढायचे, चित्रपटाच्या जाहिरातीने पुस्तक खपवायचे आणि पुस्तकाच्या खपाने चित्रपट. तेथे चित्रपट ही पुस्तकाची सर्वांत महागडी जाहिरात होती. सुझुकींनी हेच यंत्र उलटे फिरवले. त्यांच्या बाबतीत मासिक हे निमित्त होते. ज्याला काम मिळत नाही अशा एका चित्रकाराला काम मिळावे, यासाठी पाने खर्च केली जात होती. या दोन रीतींमधला फरक व्यापारी कमी व संपादकीय अधिक आहे, आणि माझ्या सगळ्या विवेचनाचा आधार तोच आहे.

स्वतः सुझुकींनी आपल्या उमेदवारीच्या गोष्टी अनेकदा सांगितल्या आहेत. त्यांतली एक फार बोलकी आहे. साप्ताहिकाच्या धावपळीत तयार झालेल्या या गृहस्थांच्या गळ्यात १९७८ साली 'ॲनिमेज'चा पहिला अंक पडला, तोही अंक निघण्यास थोडे दिवस उरलेले असताना. ॲनिमेशनची त्यांना काहीच माहिती नव्हती. जाणकार वाचकांच्या सांगण्यावरून त्यांनी इसाओ ताकाहाता यांना दूरध्वनी केला. ताकाहातांचा १९६८ सालचा 'होल्स' हा चित्रपट रसिकांमध्ये आख्यायिका बनून राहिला होता. आपण मुलाखत का देऊ इच्छित नाही, याची कारणे ताकाहातांनी सुमारे तासभर सांगितली, आणि मग शेजारी बसलेल्या सहकाऱ्याच्या हाती यंत्र दिले. तो सहकारी मियाझाकी. ते म्हणाले, मला पुष्कळ बोलायचे आहे, सोळा पाने द्या. संपादकापाशी आठच पाने होती. पहिल्या अंकात दोघांपैकी कोणीच आले नाही. परंतु न बोलण्याची कारणे तासभर सांगणारा एक आणि सोळा पाने मागणारा दुसरा, हे दोघे याच मनुष्याला पुढे जन्मभर सांभाळायचे होते. त्यांचे स्वभाव त्याला पहिल्याच संभाषणात कळले, यापरते संपादकाचे भाग्य कोणते?

पुढच्या वर्षी, 'काग्लिओस्त्रोचा किल्ला' या चित्रपटाचे काम चालू असताना, सुझुकी मियाझाकींच्या टेबलाशेजारी खुर्ची टाकून बसू लागले. मियाझाकी बोलत नसत. एक-दोन दिवसांनी त्यांनी मोटारींच्या पाठलागाच्या प्रसंगासाठी एक शब्द विचारला. मागचा पुढच्याला ओलांडून जातो त्याला काय म्हणतात? सुझुकींबरोबर आलेला सहकारी सायकलशर्यतींचा शौकीन होता, त्याने तिथला शब्द दिला. तो शब्द चित्रपटात गेला आणि दार किलकिले झाले. लेखकाच्या घरी जाऊन बसणारा, हस्तलिखिताची वाट पाहणारा, मधूनच एखादा शब्द पुरवणारा संपादक जपानी साहित्यव्यवहारात सर्वांच्या ओळखीचा आहे. चित्रपटाच्या कार्यशाळेत तो प्रथमच येऊन बसला होता.

'नाउशिका' चित्रपट करायचा ठरल्यावर मियाझाकींनी एकच अट घातली : निर्माता म्हणून ताकाहाता हवेत. ताकाहातांनी विचाराला वेळ घेतला आणि निर्माता म्हणजे काय याविषयीचे चिंतन लिहून एक वही भरली. अमेरिकेतील निर्माता, युरोपातील निर्माता, जपानातील निर्माता, त्यांची कर्तव्ये, त्यांचे गुण. निष्कर्ष शेवटच्या ओळीत होता, तो असा की आपण या कामास पात्र नाही. सुझुकींनी हे मियाझाकींना सांगितले आणि ताकाहातांचा नाद सोडावा असे सुचवले. त्यावर मियाझाकी त्यांना मद्यपानाला घेऊन गेले आणि रडू लागले. मी माझे तारुण्य ताकाहातांना वाहिले, मला त्याबदली काही मिळाले नाही, असे म्हणाले. सुझुकी दुसऱ्या दिवशी ताकाहातांकडे गेले आणि आयुष्यात प्रथमच त्यांच्यावर ओरडले. तुमचा मित्र अडचणीत आहे आणि तुम्ही वही भरता! ताकाहातांनी मान्यता दिली. मला या प्रसंगातील वही विशेष महत्त्वाची वाटते. निर्मात्याची व्याख्या करणारा प्रबंध ज्याने लिहिला तो निर्माता व्हायला तयार नव्हता. ज्याने ती व्याख्या कृतीने दिली त्याचे नाव त्या चित्रपटात निर्माता म्हणून नाही. सुझुकी त्या वेळी दिवसा मासिक काढत होते.

याच चित्रपटाच्या शेवटाची हकीकत कोणत्याही मराठी संपादकाला ओळखीची वाटेल. मियाझाकींच्या स्टोरीबोर्डप्रमाणे, म्हणजे चित्रपटाच्या चित्ररूप आराखड्याप्रमाणे, उधळून आलेल्या प्रचंड कीटकांपुढे नायिका उभी राहते आणि तेथे चित्रपट संपतो. ताकाहाता आणि सुझुकी यांना हे अपुरे वाटले. तिला मरू द्यावे आणि पुन्हा उठू द्यावे, अशी सूचना झाली, आणि वेळ संपत आलेल्या मियाझाकींनी ती मानली. आज हजारो प्रेक्षकांच्या डोळ्यांत पाणी आणणारे ते पुनरुत्थान संपादकीय दुरुस्ती आहे. दुरुस्ती योग्य होती का? मला शंका आहे. तिच्यामुळे चित्रपटाला एक धार्मिक, जवळजवळ तारणहाराच्या कथेसारखा झोक आला, आणि मियाझाकी स्वतः या शेवटाविषयी पुढे स्वस्थ राहिलेले नाहीत. चित्रकथेत त्यांनी दहा वर्षे खर्चून या सोप्या सांत्वनाचा जो समाचार घेतला, तो पाहिला म्हणजे लेखकाने संपादकाला दिलेले ते सविस्तर उत्तरच वाटते. पण दुरुस्ती झाली नसती तर उत्तरही लिहिले गेले नसते.

१९८५ साली तोकुमांच्या पैशावर स्टुडिओ जिब्लीची स्थापना झाली. १९८८ सालचा प्रसंग मात्र सबंध चित्रपटव्यवसायात अपवादात्मक म्हणावा असा आहे. मियाझाकींना 'माझा शेजारी तोतोरो' करायचा होता. दोन मुली, रानातला एक भलामोठा प्राणी, आणि ज्यात काहीच घडत नाही असे कथानक. प्रस्ताव फेटाळला गेला. सुझुकींनी मग जोडीला ताकाहातांचा चित्रपट लावला : अकियुकी नोसाका यांच्या १९६७ सालच्या, नाओकी पारितोषिक मिळालेल्या कथेवरील 'काजव्यांचे थडगे', ज्यात युद्धकाळात दोन भावंडे उपासमारीने मरतात. वरिष्ठांपैकी एकाने संतापून विचारले म्हणे, की भूत पुरेसे नव्हते म्हणून आता थडगेही आणलेत काय? सुझुकींनी वाट काढली ती पुन्हा प्रकाशकांच्याच जगातली. नोसाकांची कथा शिंचोशा या मातबर प्रकाशनसंस्थेची होती. दुसऱ्या चित्रपटाचा खर्च तिने उचलला, आणि शिंचोशासारखी संस्था येते म्हटल्यावर तोकुमांनाही मागे राहणे शोभेना. एका तिकिटात दोन चित्रपट १६ एप्रिल १९८८ रोजी लागले. दोन्ही तासाभराचे असायचे होते. ताकाहातांचा लांबतो आहे असे कळताच मियाझाकींनी आपलाही लांबवला, आणि त्यासाठी मूळच्या एका मुलीच्या दोन बहिणी केल्या, असे सुझुकी सांगतात.

मांडणीच्या दृष्टीने पाहिले तर हा अंक लावण्याचा प्रकार आहे. एका विशेषांकात एक ललित रचना, लगेच तिच्याशेजारी एक दारुण कथा. दोन्हींचे अर्थ एकमेकींच्या सान्निध्याने बदलतात. एकीकडे आई इस्पितळात आहे आणि मुली वाट पाहतात, दुसरीकडे आई मेली आहे आणि वाट पाहण्यासारखे काही उरलेले नाही. या दोन चित्रपटांचा अभ्यास आज स्वतंत्रपणे केला जातो. तेव्हाच्या प्रेक्षकाने ते एका बैठकीत पाहिले, काहींनी आधी हा आणि काहींनी आधी तो. गल्ल्याच्या दृष्टीने प्रयोग पडला. तोतोरोच्या कापडी बाहुल्या पुढे खपू लागल्या आणि तुटीची भरपाई झाली, हा व्यवसायाचा भाग झाला. त्यात संपादकाचे श्रेय थोडे आणि नशिबाचे अधिक.

१९८९ पासून सुझुकी मासिक सोडून पूर्णवेळ जिब्लीत आले. 'किकीची घरपोच सेवा' त्या वर्षी जपानी चित्रपटांत सर्वाधिक चालला, आणि तेथून त्यांच्या जाहिरातकौशल्याचा इतिहास सुरू होतो. त्याचे सविस्तर वर्णन करण्याची गरज नाही. वाहतूक कंपन्या, दूरचित्रवाणी वाहिन्या, जाहिरातसंस्था यांना एकत्र बांधण्याची ती नेहमीची विद्या आहे, फक्त त्यांच्या हाती ती अधिक चालली. मला एका नावाची गोष्ट महत्त्वाची वाटते. १९९७ सालच्या मोठ्या चित्रपटाचे नाव मियाझाकींना नायक आशिताका याच्यावरून ठेवायचे होते. त्यासाठी त्यांनी कानोकानी, दस्तऐवजाबाहेर चालत आलेली कथा अशा अर्थाचे एक चिन्हही घडवले होते. सुझुकींना 'मोनोनोके हिमे' हे नाव पसंत होते. त्यांनी मियाझाकींना न विचारता दूरचित्रवाणीवरील पहिल्याच जाहिरातीत ते जाहीर करून टाकले. मियाझाकी खोलीत आले, विचारले, खरे आहे का? खरे आहे म्हटल्यावर ते काही न बोलता निघून गेले. हा अधिकारातिक्रम होता, यात वाद नाही. पण नावामुळे चित्रपटाचे केंद्रच सरकले. जो चित्रपट एका शापित तरुणाचा प्रवास म्हणून रचला गेला तो आपण सर्वजण लांडग्यांनी वाढवलेल्या मुलीचा चित्रपट म्हणून पाहतो. ग्रंथशीर्षक हा संहितेचा पहिला अन्वयार्थ असतो. तो येथे लेखकाने केलेला नाही, आणि समीक्षकांनी मात्र तो लेखकाचाच धरला आहे.

त्याच चित्रपटाच्या अमेरिकी वितरणाच्या वेळी मिरामॅक्स या संस्थेला तो कापून लहान करायचा होता. सुझुकींनी न्यूयॉर्कमध्ये तिच्या प्रमुखाच्या हाती एक जपानी तलवार ठेवली आणि कात्री लावायची नाही, एवढेच सांगितले, ही गोष्ट प्रसिद्ध आहे, कदाचित गरजेपेक्षा जास्त. चित्रपट दोन तास चौदा मिनिटांचा होता, तसाच लागला. स्वतः शीर्षक बदलणारा मनुष्य दुसऱ्याला एक फूटही कापू देत नाही, यात विसंगती दिसते. पण प्रत्येक खऱ्या संपादकात ती असते. आपल्या लेखकाशी भांडण्याचा हक्क तो स्वतःपुरता राखून ठेवतो.

'सेन आणि चिहिरो' (२००१) या चित्रपटाच्या आधी मियाझाकी निराळ्याच कथेवर काम करत होते. धुराड्यावर चित्रे रंगवणाऱ्या तोक्योतील एका तरुणीची ती कथा. चित्रे भिंतीवर लागली होती. सुझुकी त्या सुमारास तरुणांमध्ये गाजलेला दुसऱ्या एका दिग्दर्शकाचा चित्रपट पाहून आले आणि मियाझाकींच्या खोलीत त्याविषयी बोलत राहिले. आजच्या तरुणाची मनःस्थिती आपण कितपत जाणतो, हा त्यातला न विचारलेला प्रश्न होता. मियाझाकींनी ऐकता ऐकता उठून भिंतीवरची चित्रे उतरवली आणि दहा वर्षांच्या मुलींसाठी काही करू म्हणाले. नकाराचा एक शब्द न उच्चारता हस्तलिखित परत करण्याची याहून सूक्ष्म रीत मला ठाऊक नाही. त्यातून जे आले ते २००२ साली बर्लिनचे सुवर्ण अस्वल आणि २००३ साली ऑस्कर घेऊन गेले. जपानातील त्याची तिकीटविक्री प्रथम प्रदर्शनाच्या वेळी ३० अब्ज येनांच्या पुढे गेली आणि हा उच्चांक २०२० पर्यंत टिकला. जाहिरातीतही सुझुकींनी एक अन्वयार्थ केला. मियाझाकी त्याला चिहिरो आणि हाकू यांच्या प्रेमाची कथा समजत होते. सुझुकींनी चेहरा नसलेल्या, सोने वाटत माणसे गिळणाऱ्या 'काओनाशी'ला पुढे आणले. चित्रपट पाहून झाल्यावर आपणच चुकलो होतो, असे दिग्दर्शकाच्या लक्षात आले, असे सुझुकींचे म्हणणे.

'सुझुकींचे म्हणणे' हे शब्द मी येथे मुद्दाम वापरतो. वर दिलेल्या बहुतेक हकीकती आपल्याला त्यांच्याच पुस्तकांतून, मुलाखतींतून आणि नभोवाणीवरील गप्पांतून मिळतात. ते उत्तम कथेकरी आहेत. प्रत्येक गोष्टीला आरंभ, कळस आणि टाळी घेणारा शेवट आहे. साप्ताहिकात घडलेल्या लेखणीचा हा गुण आहे आणि दोषही. ताकाहाता हयात असताना (ते ५ एप्रिल २०१८ रोजी वारले) त्यांनी या कथांना दुजोरा द्यायची फारशी तसदी घेतली नाही, आणि मियाझाकी तर आपण विसरलो असे सांगून मोकळे होतात. म्हणजे ज्याचे श्रेय आजवर झाकले गेले होते, त्यानेच इतिहासाची वही ताब्यात घेतली, असा हा प्रकार आहे. आपल्याकडे स्थिती नेमकी उलट आहे. महावीरप्रसाद द्विवेदी यांनी 'सरस्वती'साठी दुरुस्त केलेली हस्तलिखिते काशीच्या नागरी प्रचारिणी सभेत ठेवलेली आहेत. संपादकाने कोणत्या ओळीवर रेघ मारली हे तेथे डोळ्यांनी पाहता येते, पण द्विवेदी त्याच्या गोष्टी रंगवून सांगत बसले नाहीत. 'सत्यकथे'च्या श्री. पु. भागवत आणि राम पटवर्धन यांच्याविषयीही आपण जे जाणतो ते बहुतांशी लेखकांच्या आठवणींतून. कागद आहेत पण कथा नाही, आणि कथा आहे पण कागद कमी, या दोन अवस्थांपैकी अभ्यासकाने पहिली पसंत करावी. सुझुकींच्या कथांना म्हणूनच मी पुरावा न म्हणता साक्ष म्हणतो. एवढे मात्र खरे की स्टोरीबोर्ड छापलेले आहेत, शीर्षके बदललेली आहेत, आणि साक्षीचा बराच भाग त्यांच्याशी ताडून पाहता येतो.

संपादक म्हणून त्यांचा सर्वांत धाडसी निर्णय मला २०१३ सालच्या 'काझे ताचिनु' या चित्रपटात दिसतो. मियाझाकींना 'पोन्यो'चा पुढला भाग करावासा वाटत होता. लढाऊ विमानांचा अभिकल्पक जिरो होरिकोशी याच्यावर त्यांनी छंद म्हणून एका प्रतिकृतींच्या मासिकात लहानशी चित्रकथा काढली होती. सुझुकींनी तिच्यावरच चित्रपट करा, असा आग्रह धरला. मियाझाकी चिडले, ॲनिमेशन मुलांसाठी असते, असे म्हणाले. सुझुकींचा मुद्दा असा होता की, हा मनुष्य युद्धाचा द्वेष करतो आणि युद्धविमानांवर प्रेम करतो, या गाठीला त्याने मरण्यापूर्वी एकदा हात घातला पाहिजे. लेखक ज्या विषयापासून पळतो आहे तोच त्याचा विषय आहे, हे ओळखणे ही संपादनाची पराकाष्ठा आहे. चित्रपट सर्वांना रुचला नाही. जपानात त्याला कोणी देशद्रोही म्हटले आणि कोरियात कोणी युद्धाचे गोडवे गाणारा म्हटले. मला तो मियाझाकींचा सर्वांत प्रामाणिक चित्रपट वाटतो, आणि त्यातील अस्वस्थतेत सुझुकींचा वाटा आहे.

आता दुसरी बाजू. दोन लेखकांची इतकी उत्तम सेवा करणाऱ्या या संपादकाला तिसरा लेखक घडवता आला नाही. योशिफुमी कोन्दो हे वारस ठरावेत अशी अपेक्षा होती. १९९५ साली त्यांनी एक सुरेख चित्रपट केला आणि जानेवारी १९९८ मध्ये वयाच्या सत्तेचाळिसाव्या वर्षी ते गेले. मामोरु होसोदा यांना 'हाउलचा चालता किल्ला' दिला गेला आणि काम मध्येच मोडले. ते बाहेर पडून स्वतंत्रपणे मोठे झाले. मग २००६ साली, ज्याने चित्रपटाचे काम कधी केले नव्हते अशा गोरो मियाझाकी या मुलाच्या हाती अर्सुला ले ग्विन यांचे 'अर्थसी' देण्यात आले, पित्याचा विरोध असताना. हा निर्णय सुझुकींचा. कादंबरीकर्तीने त्याविषयीची निराशा जाहीरपणे लिहिली : कथानक बदलले आणि त्याबरोबर आशयही. एका लेखकाचे चित्रपट अक्षत राहावेत म्हणून तलवार देणाऱ्याने दुसऱ्या लेखिकेच्या पुस्तकाचे हे होऊ दिले. या ठिकाणी मला संपादक लोपला आणि घराणे चालवणारा व्यवस्थापक शिल्लक राहिला असे वाटते. आडनाव हे त्या वेळी संहितेपेक्षा मोठे ठरले. गोरो यांच्यावर याचे खापर फोडणे अन्यायाचे होईल. जपानी अभिरुचीत वाढलेल्या त्या पिढीला घराण्याचे हस्तांतर स्वाभाविक वाटते, एवढ्याने मात्र ते समर्थनीय ठरत नाही.

२०१४ साली जिब्लीने निर्मिती थांबवली आणि तरुण कलावंत पांगले. काहींनी दुसरा स्टुडिओ काढला. आपल्याकडे 'सत्यकथा' १९८२ साली बंद पडली तेव्हा संपादक लेखक शोधीत राहतो की लेखकांबरोबरच म्हातारा होतो, असा प्रश्न विचारला गेला असता तर बरे झाले असते. सुझुकी आपल्या लेखकांबरोबर म्हातारे झाले.

अखेरचा चित्रपट 'किमिताची वा दो इकिरु का', म्हणजे 'तुम्ही कसे जगणार', १४ जुलै २०२३ रोजी प्रदर्शित झाला. त्याचे नाव गेन्झाबुरो योशिनो यांच्या १९३७ सालच्या पुस्तकावरून घेतलेले, कथा मात्र वेगळी. जपानात आज बहुतेक चित्रपट 'निर्मितीसमिती'च्या पद्धतीने निघतात. प्रकाशक, वाहिनी, जाहिरातसंस्था, खेळण्यांची कंपनी असे भागीदार पैसा घालतात आणि प्रत्येकजण आपला वाटा व आपली जाहिरात मागतो. जिब्लीचे आधीचे चित्रपटही याला अपवाद नव्हते. या वेळी समिती केली नाही, सगळा पैसा स्टुडिओचा होता. आणि म्हणूनच जाहिरात न करण्याचे स्वातंत्र्य मिळाले. झलकपट नाही, छायाचित्रे नाहीत, कथासार नाही. एका बगळ्याचे तोंड असलेले एकच भित्तिपत्रक. मौन हीच सर्वांत धूर्त जाहिरात होती, असा आक्षेप घेतला गेला, आणि तो खोटा नाही. चाळीस वर्षे ढोल वाजवल्यानंतरच मौनाला किंमत येते. नवख्या दिग्दर्शकाचा चित्रपट याच रीतीने लावला तर तो कोणाला कळणारही नाही. तरीसुद्धा प्रेक्षकाच्या आणि कृतीच्या मध्ये स्वतःचा एकही अन्वयार्थ न ठेवता उभे राहणे, हे 'मोनोनोके'चे नाव परस्पर जाहीर करणाऱ्या मनुष्याने करावे, यात मला धूर्तपणापेक्षा काही अधिक दिसते. कोऱ्या पाठपृष्ठाचे पुस्तक छापण्यासारखे ते आहे.

त्या चित्रपटातील थोरला आजोबा म्हणजे ताकाहाता, मुलगा म्हणजे मियाझाकी आणि बगळा म्हणजे आपण, असे सुझुकी सांगतात. बगळा थापाड्या आहे. तो मुलाला फसवून मनोऱ्यात नेतो, त्याच्याशी भांडतो, त्याच्या बाणाने चोचीला भोक पडते, ते भोक त्यालाच बुजवायला लावतो, आणि मग हळूहळू सोबती होतो. मनोऱ्यात वृद्ध आजोबा दगडी ठोकळे रचून एक जग तोलून धरीत बसला आहे आणि त्याला वारस हवा आहे. मुलगा वारसा नाकारतो. ठोकळे कोसळतात, जग फुटते. चित्रपट लागल्यानंतर तीन महिन्यांच्या आत, ऑक्टोबर २०२३ मध्ये, जिब्लीचे नियंत्रण निप्पॉन टीव्ही या वाहिनीकडे गेले. गोरो मियाझाकींनी एकट्याने हा भार पेलवणार नाही म्हणून तो घेण्यास आधीच नकार दिला होता. पडद्यावर मात्र कोसळत्या मनोऱ्यातून मुलगा परत आपल्या जगात येतो, आत पाहिलेले त्याला अजून आठवते आहे, आणि त्यावर बगळा कुरकुरतो की हे विसरायला हवे होते, पण हळूहळू विसरशील. मग मित्र म्हणून निरोप घेऊन तो उडून जातो.